जुलियानाचं अळणी कालवण

पाचूबंदरच्या जुलियानाला स्वस्थ बसणं कधी जमलंच नाही. सुरमई खारवायची, बोंबील बांबूंवर टांगायचे, वसईच्या बाजारात विकायचे, यातच तिचा जन्म गेला. चुलीच्या धुरानं फुप्फुसं आधीच खराब झाली होती. गेल्या वर्षी डॉक्टर म्हणाले, "फुप्फुसांच्या रक्तवाहिन्यांतला दाब वाढलाय. हृदयावर ताण येतोय." गोळ्या दिल्या. मीठ अगदी कमी, पाणी मोजून, पोटभर न खाता थोडं थोडं खायचं, असंही बजावलं.

"मावऱ्याच्या कालवणात मीठ नाय? मग खायचं कशाला?" जुलियाना घरी येऊन सुनेवर, एलिसावर करवादली.

एलिसा मुकाट्यानं अळणी रांधू लागली. जुलियाना ताट सरकवायची, उठून अंगणात जायची, धाप लागली की ओट्यावर टेकायची, पुन्हा आत यायची. कुठंच मन लागेना.

एका रविवारी घरची मंडळी चर्चमध्ये मिस्साला गेली. जुलियानानं खाऱ्या सुरमईचा मोठा तुकडा भाजला, ताटभर भातासोबत खाल्ला, वर पेज प्याली. जीव तृप्त झाला. पण भरलेल्या पोटानं श्वास पुरेना. त्यानंतरही चोरून खाणं सुटलं नाही. पाय सुजले, चपला पायात जाईनात. गाऊन खाली ओढून ती सूज झाकत राहिली. शेवटी आडवं पडलं की जीव गुदमरू लागला, तेव्हा तिला दवाखान्यात न्यावं लागलं.

"खारं कुणी दिलं यांना?" डॉक्टर कडाडले.

"मी आनून दिलं," नवरा फर्डिनंड म्हणाला.

त्याला तर काहीच ठाऊक नव्हतं! जुलियानाच्या तोंडावर ऑक्सिजनचा मास्क होता. फर्डिनंडनं मान खाली घालून सगळं ऐकून घेतलं.

घरी आल्यावर तिनं विचारलं, "तू कशाला ओरडा खाल्लास?"

"तुझ्यात कुठं दम होता ओरडा खायला?"

दुसऱ्या दिवशी जुलियाना स्टूल ओढून स्वयंपाकघरात बसली. ताजे बोंबील, चिंच, आलं, लसूण, हिरवी मिरची, मीठ नाही. चाखलं आणि पळी आदळली. "नुसतं आंबट!" मग भाजलेलं खोबरं घालून पाहिलं, मिरी घालून पाहिली, वरून लिंबू पिळलं. फर्डिनंड जे होईल ते खात होता. एकदा त्यानं वाटी पुढं केली. "अजून घाल."

"खरं सांग, आवडलं की मला बरं वाटावं म्हणून मागतोस?"

"भूक लागलीय, बाई!"

हळूहळू पायांची सूज ओसरली. धाप पुरती गेली नाही, जाणारही नाही. ती आता वाटीभर जेवते, थांबते, भूक लागली की पुन्हा थोडं खाते. कालवणात अजून काहीतरी कमी आहे असं तिला रोजच वाटतं, आणि उद्या काय घालून बघायचं यावरून एलिसाशी तिची वादावादी चालूच असते.