हेतुपुरस्सर धडधडाट

बातमीदाराच्या वहीला दोन तोंडं असतात. पुढून बातम्या लिहायच्या आणि मागून बातमीत न बसणाऱ्या गोष्टी. छत्तीस वर्षं माझी वही पुढूनच आधी भरायची. गेल्या वर्षी पहिल्यांदाच ती मागून भरत आली. त्याला जबाबदार आहेत शेजारच्या फ्लॅटमधली दोन पोरं, पहिल्या मजल्यावरच्या एक निवृत्त गणिताच्या बाई आणि टीव्हीच्या पडद्यावरचा एक राक्षस. या सगळ्यांची मी ऋणी आहे. राक्षसाचीसुद्धा! आयुष्यभर लोकांवर रागावून पोट भरलं, त्यामुळे आभार मानायचा सराव नाही. चुकलं तर सांभाळून घ्या. नाही घेतलंत तरी चालेल, वाद घालायला मी तयार आहे.

* * *

सुरुवात अर्थातच भांडणाने.

कर्वेनगरात आमची सोळा फ्लॅटची सोसायटी. तिसऱ्या मजल्यावर माझ्या भिंतीला लागून दोन भाडेकरू राहायला आले. वैभव यवतमाळचा, नोकरी हिंजवडीत. स्वप्नील चंद्रपूरचा, नोकरी खराडीत. म्हणजे आठवडाभर एक जण पुण्याच्या या टोकाच्या ट्रॅफिकमध्ये आणि दुसरा त्या टोकाच्या. रविवारी मात्र दोघंही घरी. आणि रविवारी दुपारी दोन वाजता भिंतीतून आवाज: धप्प! धप्प! ठण्ण!

मी खाली जाऊन सोसायटीच्या तक्रारवहीत दीड पान लिहिलं. सवयीप्रमाणे मथळाही दिला: 'हेतुपुरस्सर धडधडाट'. तेवढ्याने राग शमेना, म्हणून वर येऊन त्यांची बेल दाबली.

वैभवने दार उघडलं. "या ना मॅडम, बसा. दोनच मिनिटं. हा मरून राहिला."

मरत होता तो स्वप्नील, टीव्हीवरच्या व्हिडिओ गेममध्ये. दोन हातांत दोन कट्यारी घेऊन तो एका घरभर उंचीच्या राक्षसाच्या पायांशी नाचत होता. राक्षसाने हातातला खांब उचलला आणि स्वप्नील संपला. पुन्हा सुरू. पुन्हा संपला. मी भांडायला आले होते, पण डोळे बातमीदाराचे ना! चौथ्या वेळी राहवलं नाही.

"अरे, तो मारायच्या आधी डावा खांदा पाडतो. तुला दिसत नाही का?"

दोघांनी माझ्याकडे वळून पाहिलं. मग वैभवने रिमोटसारखं ते कंट्रोलर नावाचं यंत्र माझ्या हातात दिलं.

भांडण राहूनच गेलं.

* * *

माझं राहिलं, सोसायटीचं राहिलं नाही. दुसऱ्याच दिवशी बोर्डावर नोटीस लागली: 'एका रहिवाशाच्या लेखी तक्रारीवरून, अविवाहित भाडेकरूंचा करार पुढे न वाढवण्याचा ठराव वार्षिक सभेत मांडण्यात येईल.' सभा चार महिन्यांवर होती.

मी तडक सेक्रेटरींकडे गेले. करंदीकर त्यांचं नाव. दुसऱ्या मजल्यावर, बरोबर त्या पोरांच्या खाली राहतात. एकटेच असतात आणि आठवड्याला जेमतेम दहा वाक्यं बोलतात. त्यातली सहा नोटिशीत.

"मी तक्रार मागे घेते," मी म्हणाले.

"वहीत खोडाखोड चालत नाही. सभेत काय ते बोला."

"अहो, पण तक्रारच माझी आहे!"

"म्हणून तर. उत्तम लिहिलीत. मी फाइलला लावली."

छत्तीस वर्षांत माझ्या लिखाणाची इतक्या तातडीने दखल कुणी घेतली नव्हती. घेतली तीही भलत्या वेळी!

* * *

पोरांनी त्या दिवसापासून खेळायची वेळ संध्याकाळी साडेपाचची केली, आवाज निम्म्यावर आणला, स्पीकरखाली घडी करून गोधडी घातली. आणि मला रविवारचं आमंत्रण दिलं. कायमचं.

पहिल्याच रविवारी हत्यार निवडायचं होतं. तलवारी होत्या, भाले होते. मी सरळ यादीतला सगळ्यात मोठा घण उचलला. माणसाच्या उंचीचा दांडा आणि त्याला उखळाएवढं लोखंड.

स्वप्नील घाबरला. "मॅडम, ते नका घेऊ. ते फार स्लो आहे."

"मी छत्तीस वर्षं सरकारी कचेऱ्या फिरले आहे. स्लो म्हणजे काय ते तू मला शिकवू नकोस!"

घण हातात आला. राक्षस समोर आला. मी बटण पाच वेळा दाबलं, लिफ्टचं दाबतात तसं. माझ्या माणसाने घण उचलायला सुरुवात केली. तो उचलतोय, उचलतोय, अजून उचलतोय, तेवढ्यात राक्षसाने दोनदा मारून घेतलं.

"थांबव त्याला! मागे घे!" मी ओरडले.

"घण एकदा उचलला की मधात थांबत नाही ना जी," वैभव शांतपणे म्हणाला. "हे काय व्हॉट्सॲप आहे का? डिलीट करता येत नाही."

तक्रारवही माझ्या डोळ्यांसमोर आली. त्याच्या आली की नाही, कळलं नाही.

* * *

मग चिलखताचा किस्सा. मार फार बसतो म्हणून मी मिळेल ते अंगावर चढवलं. शिरस्त्राण, छातीवर पत्रा, पायांत लोखंडी बूट. अंगावर असं वजन असलं की त्या खेळात माणूस चपळाईने कोलांटी मारत नाही, लोटांगण घालतो. घालतो आणि तसाच पडून राहतो.

वैभवने दोन वेळा पाहिलं. तिसऱ्या वेळी म्हणाला, "मॅडम, लढाईले निघाल्या का लग्नाले?"

मी चिडून एक एक वस्तू काढून टाकली. शेवटी माझा योद्धा नुसत्या धोतरावर आला, हातात फक्त घण. आणि काय सांगू, वाऱ्यासारखा पळायला लागला!

"वजन कशात घालायचं ते एकदा ठरवा," वैभव म्हणाला. "एक तर हातात, नाही तर अंगावर."

हे वाक्य मी वहीत मागून नव्हे, पुढून लिहून घेतलं.

* * *

पहिल्या मजल्यावरच्या गणिताच्या लिमयेबाई आमच्यात आल्या त्या सांज्याच्या पोळ्या द्यायच्या निमित्ताने. वय चौऱ्याहत्तर. कंट्रोलरला हात लावणार नाहीत, पण खुर्ची पडद्यासमोर मधोमध लावून घेतली आणि पर्यवेक्षकासारखी पाठ ताठ करून बसल्या.

दहा मिनिटांत त्यांनी राक्षसाचं कोष्टक मांडलं. "तीन वार करतो. मग चार अंक मोजेपर्यंत थांबतो. तुम्ही दुसऱ्या वारालाच का धावता? त्याचं होऊ द्या ना सगळं."

"मधेच तोडायची सवय आहे मला."

"वर्गात असतात तर बाहेर उभं केलं असतं."

जड हत्याराचं सगळं शास्त्र एवढंच आहे. समोरच्याचं संपेपर्यंत मार चुकवत राहायचं, त्याचं संपलं की एकदाच मारायचं, आणि दुसऱ्याचा मोह न धरता मागे सरायचं. कट्यारवाला चाळीस वेळा ओरबाडतो. घणवाल्याला चार संधी मिळतात, पण चौथ्या घावाला राक्षस गुडघ्यावर येतो. दमही पुरवावा लागतो. घण उचलायला निम्मा, पळायला निम्मा.

एकदा मात्र राक्षसाने तीन वार केल्यावर चौथ्यासाठी हात वर उचलला आणि तसाच धरून ठेवला. मी दचकून पळाले. सगळा दम पळण्यात गेला आणि मग त्याने मला सावकाश चिरडलं.

लिमयेबाई चष्म्यावरून बघत म्हणाल्या, "फसवतोय मेला. उत्तर येत नसताना हात वर करणारी मुलं असतात ना, तसा!"

* * *

याचा मला नोकरीतही फायदा झाला, खोटं कशाला बोलू! पत्रकार परिषदेत मी एका दमात पाच प्रश्न विचारायची. साहेब त्यातला सगळ्यात सोपा निवडायचे आणि त्याचंच अर्धा तास उत्तर द्यायचे. शहरातल्या कुठल्याशा पुलाचं काम रखडलं होतं, त्याची परिषद होती. साहेबांनी आपली सगळी भाषणं करून घेतली. तरुण बातमीदारांचे प्रश्न परतवले. दमले. पाणी प्यायले.

मग मी एकच विचारलं. "पुलाची फाइल कुठे आहे?"

आणि गप्प बसले. मनात चार अंक मोजले. साहेबांनी टाय सैल केला, आजूबाजूला पाहिलं आणि म्हणाले,

"कुठली? जुनी की नवी?"

बातमी पहिल्या पानावर आली. फाइली दोन आहेत, हे तोपर्यंत कुणालाच माहीत नव्हतं!

* * *

आता अवघड किस्सा. सभेला तीन आठवडे उरले होते. वैभव आणि स्वप्नील शनिवारी खोल्या बघत फिरत होते. चार घरं पाहिली. चारही ठिकाणी पहिला प्रश्न भाड्याचा नाही, "लग्न झालंय का?" हा. स्वप्नील म्हणाला, "एका काकांनी तर विचारलं, निदान ठरलंय का?"

आम्ही हसलो. पण इथून उठावं लागलं तर एकाला खराडीकडे जावं लागणार होतं आणि दुसऱ्याला हिंजवडीकडे. शाळेपासूनचे मित्र. एकत्र राहायचं म्हणून दोघांनी शहराच्या मधोमध घर घेतलं होतं आणि रोज दोन-दोन तास रस्त्यावर काढत होते. ते मी मोडायला निघाले होते, दीड पानात!

आम्ही जेवत होतो, मी हातातली पोळी ताटात ठेवली. मी म्हणाले, "वैभव, ती तक्रार मी लिहिली होती."

"माहीत आहे ना मॅडम."

"कधीपासून?"

"पहिल्याच दिवसापासून. वही खालीच तर असते." त्याने लोणच्याची बरणी माझ्याकडे सरकवली. "अक्षर छान आहे तुमचं."

स्वप्नीलने मोबाइल पुढे केला. त्या दोघांचा आणि गावाकडच्या मित्रांचा व्हॉट्सॲप ग्रुप होता. तीन महिन्यांपासून ग्रुपचं नाव होतं 'हेतुपुरस्सर धडधडाट'.

"तुम्हालाही ॲड करतो," तो म्हणाला. "मथळा तुमचाच आहे."

* * *

सभा रविवारी सकाळी दहाला, पार्किंगमध्ये. स्कूटर बाजूला सारून खुर्च्या मांडलेल्या. पोरं भाडेकरू, त्यामुळे त्यांना खुर्ची नाही. ती जिन्यापाशी उभी होती.

करंदीकरांनी ठराव मांडला आणि माझी तक्रार सबंध वाचली. माझी वाक्यं होती हो ती, एकाहून एक धारदार! 'सभ्य वस्तीला न शोभणारा उन्माद' हे ऐकताना मला जमीन दुभंगावी असं वाटलं. मग एकेक सभासद उठला. कुणी म्हणालं, बॅचलर लोक कचरा वेगळा करत नाहीत. कुणी म्हणालं, पार्सलवाले फार येतात. कुणी म्हणालं, बाहेरगावची मुलं, काय सांगता येतं?

या शेवटच्याला मी खुर्चीतून अर्धी उठले. लिमयेबाईंनी माझा पदर धरून खाली ओढलं. "अजून करतोय तो. होऊ द्या."

वीस मिनिटं मी गप्प बसले. माझ्या आयुष्यातली सगळ्यात लांब वीस मिनिटं. शेवटी सगळ्यांचं बोलून झालं. करंदीकरांनी विचारलं, "आणखी कुणाला काही?"

मी उठले. तयारी केलेलं भाषण होतं, घटनेतलं कलमही पाठ होतं. ते सगळं ठेवून दिलं.

"करंदीकर, त्या पोरांच्या बरोबर खाली तुम्ही राहता. तुम्हाला त्रास होतो?"

आणि बसले. दुसरा प्रश्न जिभेवर आला होता, तो दातांखाली धरला.

करंदीकरांनी चष्मा काढला. रुमालाने पुसला. परत घातला. वहीकडे पाहिलं, मग जिन्यापाशी उभ्या पोरांकडे.

"पहिले दोन महिने झाला," ते म्हणाले.

त्यांनी वहीवर बोट टेकवलं.

"आता होत नाही. लिहून घ्या. ठराव मांडणाऱ्याने ठराव मागे घेतला."

एवढं बोलून त्यांनी वही मिटली. गलका झाला, स्वप्नीलने लिमयेबाईंना वाकून नमस्कार केला, वैभव तोंड फिरवून उगीचच कुणाची तरी स्कूटर पुसायला लागला. मी करंदीकरांचे आभार मानायला पुढे गेले. ते खुर्च्या मिटत होते.

"तो जड आवाजवाला कोण?" त्यांनी मान वर न करता विचारलं. "तुम्हीच ना?"

"हो."

"पहिला घाव बसतो. दुसऱ्याची घाई करता, तो फरशीवर जातो, खाली ऐकू येतं." त्यांनी मिटलेली खुर्ची भिंतीला टेकवली. "मधे एक श्वास घेत जा."