अण्णांची पाठ

महापालिकेच्या सभागृहात आम्ही सफाई कामगार वरच्या गॅलरीत बसलो होतो. तिथून मला अण्णांची फक्त पाठ दिसत होती. अण्णा आमच्या युनियनचे पुढारी. आमच्यासोबत रस्ते झाडले, आमच्या मतांवर नगरसेवक झाले, मग सत्ताधारी पक्षात गेले. आज त्याच पक्षानं आमचं काम ठेकेदाराला देण्याचा ठराव आणला होता.

"बाजूने असतील त्यांनी हात वर करावेत," महापौर म्हणाल्या.

अण्णांच्या आजूबाजूचे सगळे हात वर गेले. शेजारचा नगरसेवक त्यांच्या कानाशी लागला. अण्णांचा सदरा घामानं पाठीला चिकटला होता.

"करतात की काय वर?" माझ्याजवळची सखू पुटपुटली. मी तिचं मनगट घट्ट धरलं. आपल्यातला माणूस उठून तिकडे खुर्चीवर बसला की तो किती आपला उरतो, हे पाठीवरून कसं कळणार?

"विरोधात?"

अण्णा सावकाश उभे राहिले आणि त्यांनी हात वर केला. आमच्याकडे वळून पाहिलं नाही.

ठराव मंजूर झालाच. पुढच्या निवडणुकीत पक्षानं तिकीट कापलं, अण्णा अपक्ष लढले आणि पडले. ठेकेदाराच्या धाकानं आमच्यातल्याही कितीतरी जणांनी त्यांना मत दिलं नव्हतं. निकालाच्या संध्याकाळी ते युनियनच्या खोलीत आले, तेव्हा कुणी मान वर करेना.

अण्णा सतरंजीवर आमच्यात बसले. म्हणाले, "ठेकेदारानं ज्यांना कामावर घेतलं नाही, त्यांनी पुढं सरका."