सोळा टक्क्यांचं घर

माझी धाकटी जाऊ पुष्पाबाई. तिच्याबद्दल सांगायला बसलेय तर आधीच सांगून टाकते, मी तिच्यावर जळते. लपवून काय करायचं? अख्ख्या उधन्याला माहीत आहे. आपलं ठेवायचं झाकून अन् दुसऱ्याचं पाहायचं वाकून, हा माझा स्वभाव, आणि तो आता या वयात जायचा नाही.

आम्ही दोघी अमळनेरकडच्या दोन खेड्यांतून एकाच घरात पडलो. आमचे नवरे सख्खे भाऊ, दोघंही सुरतेला कापडाच्या लूमवर कामाला. थोरले आमचे हे, त्यांना कारखान्यात सगळे गणपत म्हणून ओळखतात, आणि धाकटे पंडित. सुरतेतच उधन्याला दहा बाय बाराच्या एका खोलीत आम्ही दोन जोडपी सहा वर्षं राहिलो. एक चूल आणि दोन बायका, म्हणजे काय होतं ते तुम्हाला सांगायला नको. पण खरं सांगते, भांडण मीच करायचे. पुष्पा भांडायचीच नाही. मी बोलत सुटायचे आणि ती मान खाली घालून साडीचे धागे कापत बसायची. मार्केटमधून साड्यांचे गठ्ठे यायचे, मागच्या बाजूला लोंबणारे धागे कापून द्यायचे, साडीमागे काही पैसे मिळायचे. माझ्या दहा साड्या व्हायच्या तोवर तिच्या सतरा झालेल्या असायच्या. मला तेव्हापासूनच ती डोळ्यांत खुपायची. काळी, हडकुळी, नाकात चमकी नाही की केसांत फूल नाही, आणि तरी सासूबाई पत्र पाठवायच्या ते तिच्याच नावाने.

नव्वद सालच्या दिवाळीला कारखाने बंद झाले आणि आम्ही गावी गेलो. पंडित आणि पुष्पा आलेच नाहीत. पंडितला ताप आहे म्हणून निरोप आला. आम्ही परत येऊन बघतो तर खोलीतला त्यांचा कोपरा रिकामा! सुरतेतच डिंडोलीला सोसायटीत रो-हाऊस घेतलं होतं. पंचाऐंशी हजारांचं. पंचवीस हजार त्यांनी साठवले होते आणि साठ हजार घरकर्जाच्या एका कंपनीकडून काढले होते. माझ्याच चुलीवर जेवून, माझ्याच शेजारी झोपून, या बाईने पंचवीस हजार साठवले आणि मला वास लागू दिला नाही. माझ्या नाकाला मिरच्या झोंबल्या.

घरभरणीला गेले. पुरणाचे मांडे केले होते, कळण्याची भाकरी, भरीत, सगळं. पुष्पा मला हाताला धरून मोरीत घेऊन गेली आणि नळ सोडून दाखवला. नुसता सोडला आणि बंद केला. आमच्या चाळीत सोळा खोल्यांत एक नळ, त्याची चावी घरमालकाच्या बायकोच्या कमरेला. मी म्हटलं, भिंतीला ओल येईल गं, बघ. घरी येऊन यांना म्हटलं, मांडे कच्चे होते. ते कच्चे नव्हते.

आता व्याजाचं सांगते, कारण पुढचं सगळं त्यावरच आहे. आमच्या गावाकडे व्याज म्हणजे शेकडा. तीन रुपये शेकडा म्हणजे शंभरामागे महिन्याला तीन रुपये. लग्नकार्याला, बैलाला, दवाखान्याला असेच पैसे उचलायचे आणि कापूस विकला की देऊन मोकळं व्हायचं. त्यामुळे पैसे किती दिवस राहणार, हा प्रश्न आमच्यात कोणी विचारत नाही. भाव विचारतात. पंडितने सांगितलं, कंपनीचं व्याज वर्षाला सोळा टक्के. यांनी बोटांवर हिशोब केला आणि म्हणाले, म्हणजे शेकडा एक रुपया तेहेतीस पैसे. गावात तीन, इथे एक तेहेतीस! मला वाटलं, या दोघांनी फुकटात घर मिळवलं. महिन्याला आठशे एक्याऐंशी रुपये हप्ता, पंधरा वर्षं. पंधरा वर्षं हा शब्द ऐकला आम्ही सगळ्यांनी, पण तो कुणाच्या कानात शिरला नाही.

पुढची पाच वर्षं मी नुसती धुमसत होते. आखाजीला, म्हणजे अक्षय्य तृतीयेला, गावी जायचं म्हटलं की पुष्पाबाईला जमायचं नाही. सणाला मला लुगडं घ्यायची ती आता ब्लाउजपीस द्यायला लागली. मुलाचं बारसं केलं ते चहा-पोह्यांवर. मी सगळ्यांना सांगायचे, घर झालं की माणूस नासतं बघा. चौऱ्याण्णवला प्लेग आला तेव्हा सगळं उधना रिकामं झालं, आम्ही दोघं आणि आमची मुलगी गाडीच्या दारात लटकून गावी पळालो. पुष्पा गेली नाही. पंडितला आणि पोराला पाठवलं आणि स्वतः दार लावून बसली. मी गावभर सांगितलं, मेली तरी चालेल पण घर सोडवत नाही तिला. मागून कळलं, त्या पंधरा दिवसांत लूमचा पगार नव्हता, मार्केटच्या एका शेठचे गठ्ठे पडून होते, आणि हप्त्याची तारीख जवळ आली होती. ती एकटी बसून धागे कापत होती. हे मला खूप नंतर कळलं, आणि कळलं तेव्हाही मी कुणाला सांगितलं नाही.

पंच्याण्णवच्या दिवाळीनंतर माझी भिशी लागली. माहेरचे थोडे मिळून चाळीस हजार झाले. पुष्पाच्याच सोसायटीत, दोन गल्ल्या पुढे, एक मोठं घर विकायला होतं. वर जिना, जिन्यावर गच्ची. एक लाख चाळीस हजार. एक लाख कर्ज काढायचं. यांचं म्हणणं होतं, खोली बरी आहे, साडेतीनशे भाडं आहे, नूतनचं शिक्षण होऊ दे. नूतन माझी मुलगी, तेव्हा दहावीत. मी तीन दिवस यांच्याशी बोलले नाही, चौथ्या दिवशी हे तयार झाले. मला गच्ची हवी होती. गच्चीवर वाळवण घातलं की पुष्पाच्या ओट्यावरून दिसलं पाहिजे, एवढीच माझी इच्छा होती. सोमवारी कंपनीत जाऊन सह्या करायच्या ठरल्या.

शनिवारी दुपारी पुष्पा आली. चप्पल काढतानाच मला दिसलं, गळ्यात पोत नव्हती. दोन तोळ्यांची, तिच्या आईने घातलेली. काळ्या मण्यांचा दोरा तेवढा होता. मी पाणी दिलं नाही. तिने पिशवीतून एक छापील कागद काढला आणि माझ्यासमोर जमिनीवर पसरला. ती अहिराणीत बोलत होती, मी तुम्हाला सरळ करून सांगते. तिला कंपनीत त्या दिवाळीला हा कागद मिळाला होता. वर्षावर्षाचा हिशोब. पाच वर्षांत त्यांनी भरले होते बावन्न हजार आठशे. तिला वाटलं होतं, आता साठातले सात हजार राहिले असतील. खिडकीवरच्या बाईला तिने तसं विचारलंसुद्धा. ती बाई म्हणाली, "बेन, पहेलां व्याज, पछी मुद्दल." आधी व्याज, मग मुद्दल. आठशे एक्याऐंशीमधले आठशे पहिल्या महिन्यापासून व्याजातच जात होते. साठ हजारांतले पाच वर्षांत फिटले होते सात हजार चारशे. बावन्न हजार सहाशे अजून बाकी. पंधरा वर्षांनी साठाचे होणार होते एक लाख अठ्ठावन्न हजार.

"ताई," ती म्हणाली, "सोमवारी सही करू नका. दोन वर्षं थांबा, अजून साठवा, कर्ज कमी काढा. नाहीतर छोटं घर बघा. आम्ही फसलो ते तुम्ही फसू नका."

पुढे तिने पोतीचं सांगितलं. पोत मोडून आणि साचलेले घालून दहा हजार एकदम मुद्दलात टाकले होते. त्या दहा हजारांनी साडेतीन वर्षांचे हप्ते तुटले म्हणे. खिडकीवरच्या बाईनेच करून दाखवलं. आता महिन्याला पाचशे वेगळे टाकणार होती, सगळे मुद्दलात.

मी काय म्हणायला पाहिजे होतं ते मला आज कळतं. मी तेव्हा म्हटलं, "तुला माझी गच्ची बघवत नाही, एवढंच आहे."

तिचा चेहरा कसा झाला ते मी बघितलं. तिने भांडायला पाहिजे होतं. ती उठली, चप्पल घातली आणि गेली. कागद तिथेच राहिला. नूतनने तो उचलला, वाचला, पेन्सिल घेऊन गुणाकार केले आणि म्हणाली, आई, काकू खरं सांगतेय. मी म्हटलं, तू अभ्यास कर. पंडितने मध्येच हप्ते चुकवले असतील, दंड बसला असेल, म्हणून एवढं बाकी दिसतंय, असं मी यांना पटवलं. खोटं होतं. कागदावर दंडाचा रकाना कोरा होता, तो मला दिसला होता. मला वाचता येतं.

सोमवारी सह्या झाल्या. पंधरा वर्षं, हप्ता चौदाशे एकोणसत्तर.

पुढची तीन वर्षं कशी गेली ते मी कुणाला विचारू देत नाही. हे रविवारीसुद्धा जास्तीची पाळी करायला लागले. नूतन बारावीला चांगली पास झाली, पण कॉलेजच्या फीचे पैसे त्या महिन्याच्या हप्त्याला गेले. आता ती माझ्याशेजारी बसून धागे कापते. तिचा हात काकूसारखाच चालतो. मुलगी एका शब्दाने मला बोलली नाही, बोलली असती तर बरं झालं असतं. गच्चीवर मी एकदाच वाळवण घातलं, कुरडयांचं. पुष्पाने ओट्यावरून बघितलं आणि हात केला. मी खाली उतरून आले.

आणि मी तिकडे बघत राहिले. पुष्पा अजून तशीच. तेच लुगडं, गळ्यात नुसता काळा दोरा, पोहे-चहावर सण. मी म्हणायचे, घराने भिकेला लावलं हिला. बायका हसायच्या. पण मला भीती वाटायची, कारण तिचे हप्ते कमी होत चालले होते आणि माझे तिथेच होते.

नव्व्याण्णवच्या होळीच्या आधी माझा वर्षाचा कागद आला. मी तो नूतनला दाखवला नाही, मोरीत जाऊन वाचला. तीन वर्षांत भरले त्रेपन्न हजार. फिटले सहा हजार दोनशे. लाखातले जवळजवळ चौऱ्याण्णव हजार बाकी. यांचं वय तेव्हा एकेचाळीस. यांच्या कानांना तेव्हाच लूमच्या आवाजाने ऐकू कमी यायला लागलं होतं. आणखी बारा वर्षं हे दोन पाळ्या कुठून करणार, आणि नूतनचं लग्न कशावर करायचं? मी नळ सोडून दिला, म्हणजे बाहेर आवाज जायला नको. आणि रडले, बाई, चांगली रडले.

त्याच आठवड्यात पंडितचं घर कर्जातून मोकळं झालं. घराची मूळ कागदपत्रं कंपनीने परत दिली. सोसायटीत कुणाचीच परत आलेली नव्हती. लोक बघायला गेले. मी गेले नाही, डोकं दुखतं म्हणून सांगितलं.

दुसऱ्या दिवशी ती आली. तीच चप्पल, दारात काढली. आत आली, बसली, आणि माझा चेहरा बघून तिला काय कळलं कोण जाणे. कदाचित नूतननेच सांगितलं असेल. पदराची गाठ सोडून तिने शंभराच्या पाच नोटा माझ्यासमोर ठेवल्या.

"ताई, आमचा हप्ता सुटला. दर महिन्याला पाचशे देईन, तुमच्या मुद्दलात टाका. तुमचं फिटलं की परत करा. व्याज नको."

नूतनने तिथल्या तिथे पेन्सिल घेतली. पाचशे जास्तीचे टाकले तर बारा वर्षांची सहा वर्षं आणि काही महिने होत होती. बासष्ट हजार वाचत होते. माझ्या मुलीने तो आकडा असा वाचला की मला तिच्याकडे बघवेना.

मी त्या नोटांकडे बघत बसले. सह्यांच्या आधीच्या त्या शनिवारचं ती आता बोलून दाखवेल म्हणून मी वाट पाहिली. एवढंच म्हणाली असती की मी सांगितलं होतं ना, तर मी नोटा तिच्या अंगावर फेकल्या असत्या आणि जन्मभर सुखाने तिला शिव्या दिल्या असत्या. तिने विचारलं, यांचा कान आता कसा आहे.

तिच्या नळावर जळले, घरावर जळले, कागद परत आले त्यावर जळले. ते सगळं मी एक वेळ विसरेन. पण ही बाई माझ्यापेक्षा चांगली आहे, आणि ते तिला माहीतसुद्धा नाही, याला मी काय करू? इतकी मी तिच्यावर आयुष्यात कधी जळले नव्हते.

नोटा घेतल्या. तिला चहासुद्धा विचारला नाही. ती गेल्यावर साडी बदलली, नूतनला बरोबर घेतलं आणि कंपनी बंद व्हायच्या आत खिडकीवर जाऊन पाचशे भरले. नूतनला म्हटलं, नीट बघून घे, पावतीवर मुद्दल असं लिहिलंय ना.