आईचा एका दिवसाचा भाऊ

आईला भाऊ नव्हता. माहेरी चौघी बहिणीच. तरी नागपंचमीच्या आदल्या दिवशी ती भावासाठीचा उपास कडकडीत करायची. नागालाच भाऊ मानलेलं. "नसलेल्या मेव्हण्यापायी बायको उपाशी," असं वडील दरवर्षी चिडवायचे.

वडील बेंबळीला मास्तर. स्वतः निजामाच्या काळात उर्दूत शिकलेले. संस्थान गेलं आणि ते मराठीतून विज्ञान शिकवू लागले. साप दूध पीत नाही, हे त्यांनी इतक्या वेळा सांगितलं होतं की आम्हा पोरींना ते पाढ्यासारखं पाठ झालं होतं. पण पंचमीला भिंतीवर गंधानं नाग काढायला आईला त्यांचाच हात लागे. त्यांचा नाग थेट गांडुळासारखा दिसायचा. आई त्यालाच हळदकुंकू वाहायची.

त्या वर्षी पंचमीलाच खरा नाग घरात आला. चुलीवर पुरणाची दिंडं उकडत होती, मी धाकट्या बहिणीच्या पाळण्याची दोरी ओढत होते आणि खाली बघते तर फणा! मी किंचाळले. वडील आधी बाजेवर चढले, मग तिथूनच काठी मागू लागले.

आईनं बहिणीला पाळण्यातून उचलून माझ्याकडं दिलं आणि वडील आणि नाग यांच्या मधे उभी राहिली.

"आज न्हाय. आज विळीवर भाजी चिरत न्हाईत, चुलीवर तवा ठेवत न्हाईत, अन् तुम्ही भावाला मारताव?"

"अगं, चावला म्हणजे?"

तिनं लक्षच दिलं नाही. नागाला म्हणाली, "दादा, लेकराचं घर हाय. जावा आता."

आणि तो गेला की! न्हाणीच्या मोरीतून निमूट गेला. आई दिवसभर माहेरचं माणूस भेटून गेल्यासारखी खुशीत होती. वडील मात्र बाजेवरून पाय खाली सोडायला तयार नव्हते.

दुसऱ्या दिवशी तो पुन्हा पाळण्याखाली आला. बहीण आत झोपलेली. वडील काठी शोधेपर्यंत आईनं कोपऱ्यातलं मुसळ उचललं. दोन घावांत काम झालं.

वडिलांना राहवलं नाही. "काल तर भाऊ होता की!"

"व्हताच की," आई म्हणाली.

ती न्हाणीत गेली आणि घरातलं कुणी गेल्यावर घेतात तसं तिनं लुगड्यासकट डोक्यावरून गार पाणी घेतलं. मग ओल्या केसांनी चुलीपुढं बसून खूप रडली. वडील पाळण्यापाशी बसून झोपलेल्या पोरीला उगाच झोके देत राहिले.