अंशुमनने कापलेला नवस

माझा धाकटा दीर अंशुमन डॉक्युमेंटरी फिल्म्सचा एडिटर आहे, आणि हे तो कुणी न विचारता सांगतो. लंडनच्या पिनर उपनगरात जन्मला, पिनरमध्येच घर घेतलं आणि मधली तीस वर्षं सोहोच्या अंधाऱ्या खोल्यांत बसून दुसऱ्यांनी केलेलं शूटिंग कापलं. सुरुवात प्राण्यांपासून झाली. तीन वेगवेगळ्या कोल्हिणी जोडून याने एकच शूर आई तयार केली आणि देशभर लोक रडले. कोल्हिणींनी तक्रार केली नाही, म्हणून गडी माणसांकडे वळला.

माणूस मंगळवारी बोलतो, त्याचे डोळे शुक्रवारी भरतात. अंशुमन दोन्ही चिकटवून मोकळा होतो. या धंद्यात थोडंफार सगळेच करतात म्हणे. याला मात्र त्याची बक्षिसं मिळतात, आणि ती त्याने दाराशीच खालच्या फळीवर मांडली आहेत. बूट काढताना त्यांच्यापुढे वाकावंच लागतं.

मुंबईहून आलेल्या मराठी ज्यू लोकांवरची फिल्म याच्याकडे आली ती मराठी आडनावामुळे. मराठी याला जेवणापुरतं येतं, म्हणून भाषांतर माझ्या गळ्यात पडलं. फिल्ममध्ये ऐंशी ओलांडलेल्या मिरियमआजी होत्या. त्यांचा मुलगा मनाशे बर्मिंगहॅमला हृदयाच्या ऑपरेशनला गेला, तेव्हा त्यांनी नवस बोलला होता: पोरगा वाचला तर नवसाला पावणाऱ्या एलियाहू हन्नाबी या प्रेषिताचा मलिदा करीन आणि चारचौघांसमोर आभार मानीन. मनाशे वाचला. कॅमेऱ्यासमोर बसायला आजी तयार झाल्या त्या एवढ्याचसाठी. नारळ घातलेले गोड पोहे, फळं, गुलाब असं मलिद्याचं ताट मांडून त्यांनी आभार मानले आणि आनंदाने रडल्या.

अंशुमनने ताट पाहिलं, रडणं पाहिलं आणि हे दिवसकार्य असल्याचं ठरवून टाकलं. आमच्या घरी गेलेल्यांसाठी पान वाढतात, तेवढाच याचा धर्माचा अभ्यास. भाषांतर उघडूनही न बघता याने आभार कापले, मनाशेचा हॉस्पिटलमधला फोटो घातला आणि खाली चेलोचं रडकं संगीत लावलं. मी पाहिलं तेव्हा सरळ सांगितलं, की मुलगा जिवंत आहे, ठणठणीत आहे. चूक कळल्यावर तरी माणूस लाजेल, पण हा शहाणा खुर्चीत मागे रेलला.

“वहिनी, तो मेला असं मी कुठे बोललोय? फीलिंग रिअल आहे ना, दॅट्स ऑल.”

प्रोड्यूसरकडे गेले, तर त्याने फिल्म आता बदलता येणार नाही म्हणून हात झटकले. मला दोघांची किळस आली.

क्रॉयडनच्या एका हॉलमध्ये पहिला शो झाला. आजी मनाशेचा हात धरून आल्या. दिवे लागताच एका बाईने आजींना मिठी मारून मुलाच्या जाण्याबद्दल दुःख व्यक्त केलं. मनाशे शेजारीच आईचा कोट घेऊन उभा होता. आजी कुणावर चिडल्या नाहीत. त्याला घेऊन स्टेजवर चढल्या आणि माइक हातात घेतला.

“हा माझा मनाशे. देवाने मला परत दिला. तुम्हा सगळ्यांसमोर मी त्याचे आभार मानते. माझा नवस फिटला.”

मी खालून इंग्रजीत सांगितलं. लोक उभे राहून टाळ्या वाजवू लागले. अंशुमनही उभा राहिला, डोळे पुसत होता. मीही मूर्खासारखी त्याच्यावरचा राग विसरले.

त्या कार्यक्रमाची छोटी क्लिप फिल्मच्या वेबसाइटवर आली, ती अर्थात यानेच कापलेली. तिच्यात आजी मनाशेचा हात धरून स्टेजवर चढतात, माइक तोंडाशी नेतात आणि टाळ्या सुरू होतात. मी फोन केला, तर म्हणाला, मराठी कुणाला कळणार, टाळ्या जास्त स्ट्राँग आहेत.

आजींनी ती क्लिप मनाशेच्या फोनवर पुन्हा पुन्हा पाहिली. मग मला फोन करून हळू आवाजात विचारलं, “वरदा, मी तिथे बोलले होते ना गं?”