वाडीची दवंडी

हे मी आजवर कुणालाच सांगितलेलं नाही – बायकोलासुद्धा नाही. तिला एवढंच ठाऊक आहे की आमच्या गावच्या सहकारी सोसायटीच्या निवडणुकीचा दावा साताऱ्याच्या कोर्टात गेला होता आणि आपला नवरा साक्ष देऊन जिंकून आला. त्या दिवशी तिने पुरण घातलं होतं. मी जेवलो. पोटभर जेवलो.

सोसायटीचा सेक्रेटरी मी, चेअरमन माझे सख्खे मामा. लढाईचे दिवस होते. गावातली निम्मी तरणी माणसं पलटणीत. निवडणूक सभेत हात वर करून व्हायची. सभेची नोटीस चावडीवर डकवत असू, पण वाचणार किती जण? खरी नोटीस म्हणजे येसबाची दवंडी. येसबा आधी गावात डफ वाजवून सांगायचा, मग ओढा ओलांडून वाडीत. वाडीतली माणसं पूर्वी मेंढरांमागे हिंडणारी, आता शेतीला लागलेली, आणि सोसायटीची सभासद. त्या वर्षी त्यांनी आपला माणूस उभा करायचं ठरवलं होतं – मामांच्या विरुद्ध.

मामा मला म्हणाले, “वाडीत दवंडी गेली, तर वाडीच निवडून येती.” एवढंच. देऊ नको, असं काही ते म्हणाले नाहीत. मग ते कुणी ठरवलं? – मीच. मी येसबाला सांगितलं, तू गावातच दे, मला तिकडे काम आहे, वाडीला मी सांगतो. त्याचा गुडघा धरला होता. “लय बरं झालं, अण्णा,” म्हणाला.

मी वाडीला गेलो नाही. मामा निवडून आले.

वाडीने दावा लावला. आमचे वकील सांगलीचे. त्यांनी शांतपणे समजावलं – सोसायटीने वाडीला कळवायला सांगितलं असेल आणि दवंडीवाल्याने हयगय केली असेल, तर निवडणूक टिकेल. सांगितलंच नसेल, तर टिकणार नाही. मी काय बोलायचं, ते त्यांनी सांगितलं नाही. न सांगता कळायला मी काय लहान होतो?

येसबाची साक्ष आधी झाली. जे घडलं ते त्याने जसंच्या तसं सांगितलं. आमच्या वकिलांनी त्याला विचारलं, म्हणजे सेक्रेटरीसाहेब गळ्यात डफ अडकवून वाडीत जाणार होते म्हण की. कोर्टात हशा पिकला. येसबाही कसनुसा हसला. मग मी उभा राहिलो, शपथ घेतली आणि म्हणालो, दोन्हीकडे दवंडी द्यायला सांगितलं होतं. एका दमात म्हणालो. कुठे अडखळलो असतो तर – पण नाही अडखळलो.

बाहेर पायरीवर येसबा बसला होता. वाटलं, शिवी देईल. द्यायलाच हवी होती. तो माझ्याकडे बघत राहिला आणि म्हणाला, “तुमी शपथंवर सांगितलं म्हंजे तसंच आसंल, अण्णा. माज्याच ध्यानातनं गेलं आसंल.”

वाडीचा हक्क बुडवला तो बुडवलाच. पण खरं बोलणाऱ्या माणसाला मी त्याच्याच आठवणीवर संशय घ्यायला लावला – याला काय म्हणायचं?

निकालात सगळा दोष येसबाच्या माथी आला. त्या सुगीला वाडीने खळ्यावरचं त्याचं बलुत्याचं धान्य बंद केलं. पारावरची माणसं त्याला हटकायची, “काय रं येसबा, आज तरी वाडी घावली का?” तो मान खाली घालून पुढे जायचा. पारावर बऱ्याचदा मीही असायचो.

आणि मग ते सुरू झालं. वाडीच्या तोंडाशी एक चिंच आहे. आसपास दुसरी नाही. सोसायटीची दवंडी देऊन आला की येसबा त्या चिंचेची डहाळी आणून आमच्या कचेरीच्या उंबऱ्यावर ठेवतो. वाडीला जाऊन आल्याची खूण. कुणी मागितली नव्हती.

मामांच्या धाकाने गप्प आहे, असं मी मनाशी म्हणत आलो. मामांना जाऊन दोन वर्षं झाली. आता कुणाचा धाक आहे?

परवा पुन्हा निवडणुकीच्या सभेची दवंडी होती. येसबा आता काठी टेकत चालतो. ओढ्याला पाणी होतं. कमरेपर्यंत भिजून तो परत आला, वाकून डहाळी उंबऱ्यावर ठेवली आणि काठीवर भार देत उभा राहिला.

“वाडीला सांगितलं, अण्णा.”

कचेरीत आम्ही दोघेच होतो. डहाळीवरून पाणी निथळत होतं. मी वर पाहिलं नाही. म्हणालो, “बरं.”