सरजाबाईंचा निकाल

अर्धापूरला बचत गटाच्या बायकांना मी आठवड्यातून दोनदा इंग्रजी बोलायला शिकवते. केळीचे वेफर्स घेऊन त्या बाहेरगावच्या प्रदर्शनांना जातात, म्हणून पहिला धडा स्वतःची ओळख. बाकीच्या लाजत, पदर तोंडाशी नेत. सरजाबाई मात्र ताठ उभ्या राहून म्हणायच्या, "माय नेम इज सरजाबाई. आय अ‍ॅम फ्रॉम अर्धापूर. आय अ‍ॅम टेन्थ फेल."

"ते नापासाचं कशाला सांगता?" मी एकदा म्हणाले.

"हाय ते हाय, मॅडम. अठ्ठावीस वर्षं झाली. आता कशाची लाज?"

मार्चमध्ये एका प्रशिक्षणाच्या अर्जाला शाळेचा दाखला लागला. त्यांची शाळा निलंग्याची. माझं माहेर लातूर, त्यामुळं मीही सोबत निघाले.

क्लार्कनं जुनं रजिस्टर काढलं, पानावरून बोट फिरवलं आणि मान वर केली.

"नापास कोण म्हणालं? तुम्ही पास हात की! गुणपत्रिका इथंच पडून हाय, कुणी नेलीच न्हाई."

सरजाबाईंनी तो पिवळा कागद हातात घेतला. "दुसरी कुणी सरजा असंल."

क्लार्कनं वडिलांचं नाव वाचलं, गाव वाचलं, जन्मतारीख वाचली. सगळं त्यांचंच. त्यांनी कागद उलटसुलट करून पाहिला. मग म्हणाल्या, "निकाल आणायला आबा आलते."

माहेरचं गाव तिथून सात किलोमीटर. आम्ही रिक्षा केली. त्यांचे वडील हणमंतराव, ऐंशीच्या घरातले, ओसरीत बसून हरभऱ्याचे घाटे सोलत होते. लेक अचानक दारात बघून खुलले, सुनेला चहा टाकायला सांगितलं.

"आबा, मी धाव्वीत पास झालते?"

त्यांनी घाटे बाजूला सारले. मला वाटलं, आठवत नाही म्हणतील.

"हाव," ते म्हणाले. "विंग्रजीत बासष्ट व्हते."

आकडासुद्धा विसरला नव्हता माणूस.

"मग नापास का सांगितलं?"

"सोयरीक जमलेली. तू कालिजाचा हट्ट धरली असतीस. मानूस तर चांगला भेटला की तुला."

"मायला म्हाईत होतं?"

"न्हाई. तिलाबी नापासच सांगितलो."

आई जाऊन आठ वर्षं झाली होती. त्या निकालाच्या दिवशी मायलेकी एकमेकींच्या गळ्यात पडून रडल्या होत्या. चहा आला, पण सरजाबाईंनी कपाला हात लावला नाही. कागद पिशवीत ठेवला, चपला घातल्या आणि निघाल्या. "सरजे, अगं सरजे," मागून म्हातारा हाका मारत राहिला.

लातूरच्या बसमध्ये त्यांनी दोनदा तो कागद काढून वाचला. स्टँडवर उतरल्यावर म्हणाल्या, "मॅडम, हे सांगावं तरी कुणाला? ऐकणारा म्हणंल, पास झालीस, बरंच की!"

पुढच्या दोन वर्गांना त्या आल्या नाहीत. तिसऱ्या वेळी आल्या, ओळखीसाठी उभ्या राहिल्या, नाव आणि गाव सांगून थांबल्या.

त्यांचे यजमान रामलिंगराव यांना हे सगळं आम्ही निलंग्याहून आल्यावरच कळलं. मग बाहेरून बारावीच्या परीक्षेला बसायचा सतरा नंबरचा फॉर्म त्यांनीच आणून दिला.

सरजाबाई अजून माहेरी गेलेल्या नाहीत. रविवारी हणमंतरावांचा फोन येतो. त्या उचलतात, गोळ्या घेतल्या का विचारतात, आणि ठेवून देतात.